निळ्या बुचाची नळी : दौलतगंजमधल्या लॅबचा सहा वर्षांचा अनुभव

मागच्या मंगळवारी या लॅबमधल्या मुलाने यांच्या हातातून काढलेलं रक्त आमच्या डोळ्यांदेखत कचऱ्याच्या लाल पिशवीत टाकलं आणि म्हणाला, "अंकलजी, दूसरा हाथ दीजिए, ये नहीं चलेगा." शीर सरकली होती आणि नळीतलं रक्त रेषेच्या बरंच खाली थांबलं होतं. हे वैतागले. वय ७२, तेरा वर्षं टोचून टोचून दोन्ही कोपरांतल्या शिरा दोरीसारख्या कडक झालेल्या, त्यात पुन्हा सुई. मी मात्र त्या मुलाला मनातल्या मनात आशीर्वाद दिला. या लॅबबद्दल लिहायचं सहा वर्षं राहून जात होतं, ते त्या दिवशी घरी आल्यावर लिहायला घेतलं.

लॅब ग्वाल्हेरच्या लष्कर भागात, दौलतगंजच्या एका गल्लीत पहिल्या मजल्यावर आहे. महाराज बाड्यावर रिक्षा सोडली की पायी जाता येतं. खाली कापडाचं दुकान, शेजारी अरुंद जिना, वर दोन खोल्या. बाहेरच्या खोलीत आठ खुर्च्या आणि आत मशीनं. झगमगाट काहीच नाही. थायरॉइड, साखर, हिमोग्लोबिन या तपासण्या गावात कुठेही करा, मला त्याबद्दल फारसं काही सांगायचं नाही. मी लिहितेय ते फक्त एका तपासणीबद्दल, पीटी-आयएनआर : रक्त गोठायला किती वेळ लागतो (पीटी) ते मोजून एका आकड्यात (आयएनआर) सांगणारी. ज्यांच्या घरी रक्त पातळ करायची गोळी रोज संध्याकाळी दिली जाते त्यांना ही अक्षरं पाठ असतील.

यांना लहानपणी र्‍हुमॅटिक ताप आला होता. त्याने हृदयाची मायट्रल झडप हळूहळू आकसत गेली आणि २०१२ मध्ये दिल्लीला ती बदलावी लागली. नवी झडप धातू-कार्बनची आहे. रात्री पंखा बंद असला की तिची टिकटिक मला उशीवरून ऐकू येते आणि ती ऐकल्याशिवाय आता मला झोप येत नाही. अशा कृत्रिम झडपेवर रक्ताची गुठळी धरू शकते. एक छोटी गुठळी सुटून मेंदूत गेली तर अर्धांगवायू, आणि झडपेतच अडकली तर झडप बंद. म्हणून असेनोकौमारॉलची गोळी आयुष्यभर. गोळी कमी पडली तर गुठळी, जास्त झाली तर रक्तस्राव. आमच्या डॉक्टरांनी यांच्यासाठी आखून दिलेली वाट आहे आयएनआर २.५ ते ३.५. निरोगी माणसाचा तो १ च्या आसपास असतो. या अरुंद वाटेवरून आम्ही तेरा वर्षं चालतोय, आणि वाट दाखवणारा कंदील म्हणजे ही तपासणी. कंदील खोटा निघाला तर काय होतं ते आम्ही भोगलंय.

ते आधी सांगते. या लॅबकडे येण्यापूर्वी आम्ही शहरातल्याच दुसऱ्या एका लॅबमधून घरी सॅम्पल न्यायला माणूस बोलवत होतो. एकदा आलेल्या मुलाला शीर नीट सापडली नाही. निळ्या बुचाची नळी अर्धी भरली. मी विचारलं, एवढ्याने होईल का? तो म्हणाला, "चल जाएगा आंटीजी." संध्याकाळी रिपोर्ट आला, आयएनआर ५.१. डॉक्टरांनी फोनवर गोळी दोन दिवस बंद करायला सांगितली. त्यांच्यापुढे आकडा होता, त्यावर त्यांनी योग्य तेच केलं. तिसऱ्या दिवशी पुन्हा तपासलं तर १.५! असेनोकौमारॉल हे वॉरफरिन या अशाच दुसऱ्या औषधापेक्षा लवकर शरीराबाहेर जातं, दोन दिवसांत त्याचा असर उतरतो. मग पाच दिवस पोटात हेपारिनच्या जातीची, रक्त गोठू न देणारी इंजेक्शनं, रोज दोन. ते पाच दिवस मी झोपले नाही, टिकटिक मोजत राहिले. यांच्या तोंडाचा कोपरा वाकडा तर दिसत नाही ना, म्हणून पहाटे उठून दिवा लावून बघायची.

त्यानंतर मैत्रिणीच्या सुनेने ही लॅब सुचवली. पहिल्या भेटीत मी इथल्या पॅथॉलॉजिस्ट मॅडमना जुना रिपोर्ट दाखवून सगळी हकीकत सांगितली. त्यांनी पहिला प्रश्न विचारला, "नळी कुठपर्यंत भरली होती, आठवतंय?" त्या एका प्रश्नावर मी ही लॅब निवडली.

मी ३१ वर्षं शाळेत रसायनशास्त्र शिकवलं. तरी तोपर्यंत मला हे सुचलं नव्हतं, याचं अजून वाईट वाटतं, कारण सगळा हिशेब अकरावीच्या पोरांना समजेल असा आहे. निळ्या बुचाच्या नळीत आधीपासून थोडं सोडियम सायट्रेटचं द्रावण असतं, ३.२ टक्क्यांचं. सायट्रेट रक्तातल्या कॅल्शियमला पकडून ठेवतं आणि कॅल्शियमवाचून रक्त गोठत नाही. प्रमाण ठरलेलं आहे : नऊ भाग रक्त, एक भाग सायट्रेट. आमच्या लॅबच्या नळीत ०.२ मिली सायट्रेट असतं आणि रेषेपर्यंत १.८ मिली रक्त यावं लागतं. आता नळी अर्धीच भरली तर रक्त ०.९ मिली, सायट्रेट मात्र तेवढंच. रक्तात साधारण साठ टक्के प्लाझ्मा, म्हणजे पेशी सोडून उरणारा पातळ भाग, धरला तर भरलेल्या नळीत प्लाझ्मा १.०८ मिली, अर्ध्या नळीत ०.५४. म्हणजे जे द्रावण एकूण पातळ भागाच्या १६ टक्के असायचं ते २७ टक्के झालं. प्लाझ्मा पातळ झाला हे एक, आणि जास्तीचं सायट्रेट मोकळं फिरत राहिलं हे दुसरं. तपासणीच्या वेळी मशीन मोजून कॅल्शियम परत घालतं, पण त्यातलं बरंचसं हे जास्तीचं सायट्रेट गिळून टाकतं. गोठायला वेळ लागतो. आकडा फुगतो. माणसाचं रक्त जसंच्या तसं असतं, नळीतलं बदललेलं असतं.

म्हणून नव्वद टक्क्यांपेक्षा कमी भरलेली नळी इथे घेतलीच जात नाही. नळी भरल्यावर मुलगा ती तीन-चार वेळा हळूच उलटी-सुलटी करतो, पाळण्यात बाळ हलवावं तशी. जोरात हलवली तर तांबड्या पेशी फुटतात, हलवलीच नाही तर तळाशी बारीक गुठळी धरते आणि त्या गुठळीत तपासायची प्रथिनंच खर्च होऊन जातात. एकाच वेळी इतर तपासण्या असतील तर निळी नळी आधी आणि जांभळी नंतर, कारण जांभळ्या बुचातल्या ईडीटीएचा अंश निळ्या नळीत गेला तर तोही कॅल्शियम पकडतो. हे सगळं तो मुलगा न बोलता, सवयीने करतो. त्याला हे नीट शिकवलेलं आहे आणि रोज कोणीतरी बघत आहे, हे जाणवतं.

दुसऱ्या वर्षी एकदा गर्दी नव्हती आणि मी फार प्रश्न विचारत होते, तर मॅडमनी मला आत नेऊन मशीन दाखवलं. तो अर्धा तास मी विसरणार नाही.

नळी गरगर फिरवणाऱ्या सेंट्रिफ्यूजमधून ती बाहेर येते तेव्हा खाली तांबडं आणि वर पिवळसर प्लाझ्मा असतो. मशीनमध्ये छोट्या छोट्या वाट्या, प्रत्येक वाटीत मोहरीपेक्षा थोडी मोठी पोलादी गोळी. तापमान ३७ अंश. वाटीत ०.०५ मिली प्लाझ्मा पडतो, गोळी चुंबकाच्या ओढीने इकडून तिकडे झुलत असते. मग दुप्पट रिएजंट, म्हणजे गोठणं सुरू करणारं द्रावण, पडतं आणि घड्याळ सुरू होतं. रिएजंटमध्ये टिश्यू फॅक्टर, फॉस्फोलिपिड आणि कॅल्शियम. काही सेकंद गोळी मोकळी झुलते आणि मग तिचा झोका आखडतो. फायब्रिनच्या, म्हणजे गोठताना तयार होणाऱ्या प्रथिनाच्या धाग्यांचं जाळं तिच्याभोवती धरलेलं असतं. घड्याळ थांबतं. निरोगी प्लाझ्मा साधारण ११ ते १३ सेकंदांत इथवर येतो. त्या दिवशी यांचा आला ३१ सेकंदांनी. काही मशीनं गोळीऐवजी प्रकाश वापरतात, प्लाझ्मा गढुळला की नोंद करतात. मॅडमना गोळीचं मशीन आवडतं, कारण कावीळ झालेल्या माणसाचा पिवळाधमक किंवा चरबीने दुधाळ झालेला प्लाझ्मा असला तरी गोळीला फरक पडत नाही. ही पद्धत मुळात आर्मंड क्विक यांनी १९३५ मध्ये मांडली. पूर्वी हे काम हातानेच व्हायचं. काचेची नळी कोमट पाण्यात धरायची, तिरकी करत राहायची आणि जाळं धरलेलं डोळ्यांनी टिपायचं. मॅडम शिकताना तसं शिकल्या आहेत.

आता त्या काही सेकंदांत काय घडतं ते माझ्या शब्दांत सांगते, कारण बाहेरच्या खुर्च्यांवर बसलेली माणसं मला हे नेहमी विचारतात.

गोठवणारी प्रथिनं रक्तात कायम असतात, पण निजलेली. बहुतेक सगळी यकृत बनवतं. त्यांना फॅक्टर म्हणतात आणि रोमन आकडे दिलेत, एक ते तेरा. सहावा आकडा रिकामा आहे, आणि आकडे सापडण्याच्या क्रमाने दिलेले असल्यामुळे कामाचा क्रम वेगळाच आहे. जखम झाली की रक्तवाहिनीच्या भिंतीबाहेरचा टिश्यू फॅक्टर रक्ताला लागतो आणि सातव्याला धरतो. ती जोडी दहाव्याला जागं करते. दहावा पाचव्याला सोबत घेऊन प्रोथ्रॉम्बिनला, म्हणजे दुसऱ्याला, कापतो आणि थ्रॉम्बिन तयार होतं. थ्रॉम्बिन फायब्रिनोजेनची टोकं छाटतं आणि छाटलेले रेणू एकमेकांना चिकटून धागे होतात. शेवटी तेरावा येऊन त्या धाग्यांना पक्के टाके घालतो. यातली खरी गंमत अशी की थ्रॉम्बिन मागे वळून पाचव्याला आणि आठव्यालाही जागं करतं, त्यामुळे चार थेंबांनी सुरू झालेलं काम क्षणात पूर येतो तसं वाढतं. म्हणूनच बोट कापल्यावर आपण वाचतो.

आणि यात गोळी कुठे येते? लोक म्हणतात "रक्त पातळ करते". तसं ती काहीच करत नाही, रक्ताचा दाटपणा तेवढाच राहतो. दुसरा, सातवा, नववा आणि दहावा या चार प्रथिनांवर ग्लुटामिक आम्लाचे काही दुवे असतात. व्हिटॅमिन केच्या मदतीने यकृत त्या प्रत्येकावर आणखी एक कार्बॉक्सिल गट बसवतं. एकाऐवजी दोन कार्बॉक्सिल शेजारी-शेजारी आले की चिमटा तयार होतो, आणि त्या चिमट्यात कॅल्शियम पकडून ही प्रथिनं पेशीच्या पृष्ठभागावर घट्ट बसतात. तिथे बसल्याशिवाय त्यांचं काम चालत नाही. गोळी काय करते, तर वापरलेलं व्हिटॅमिन के पुन्हा ताजं करणारं एन्झाइम अडवते. यकृत प्रथिनं बनवत राहतं, पण चिमट्याविना. ते वाचलं त्या रात्री मी यांना उठवून सांगितलं, की तुमच्या गोळीत आणि निळ्या नळीत एकच गोष्ट चाललीय : कॅल्शियम कोणाच्या हाती लागतं याची. हे म्हणाले, उद्या सांग. पण मला राहवलं नाही.

एक नातेवाईक घरी येऊन "ही तर उंदीर मारायची दवा" म्हणून यांना घाबरवून गेले होते. गोष्ट खरी आहे, पण अर्धी. १९२०च्या दशकात अमेरिका आणि कॅनडात बुरसलेलं स्वीट क्लोव्हर गवत खाऊन गुरं रक्तस्रावाने मरायला लागली. विस्कॉन्सिनच्या कार्ल लिंक यांच्या प्रयोगशाळेने त्यातलं द्रव्य शोधलं, त्यातून पुढे वॉरफरिन निघालं. १९४८ मध्ये ते उंदरांसाठी बाजारात आलं आणि १९५४ पासून माणसांसाठी औषध म्हणून. लाखो माणसं त्यावर जगली आहेत. फरक मात्रेचा, आणि मात्रा ठरते ती तपासणीवरून.

हिशेबाची दुसरी गोष्ट आयएसआयची, म्हणजे रिएजंटच्या तिखटपणाचा हिशेब धरणाऱ्या आकड्याची. ही प्रत्येक गोळी घेणाऱ्याने समजून घ्यावी असं मला कळकळीने वाटतं. वेगवेगळ्या कंपन्यांचं रिएजंट कमी-जास्त तिखट असतं, म्हणून नुसत्या सेकंदांवरून दोन लॅबची तुलना होत नाही. १९८३ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने यावर तोड काढली. रुग्णाचे सेकंद भागिले निरोगी माणसांचे सरासरी सेकंद, आणि आलेल्या उत्तराचा घात रिएजंटच्या आयएसआयएवढा. तोच आयएनआर. समजा रुग्णाचे ३० सेकंद, निरोगी सरासरी १२, म्हणजे गुणोत्तर २.५. आयएसआय १ असेल तर आयएनआर २.५. आयएसआय १.४ असेल तर तोच ३.६! रिएजंटचा नवा डबा उघडला आणि मशीनमध्ये जुना आयएसआय तसाच राहिला, तर रुग्णाची गोळी उगाच बदलली जाईल. इथे नवा लॉट आला की मॅडम निरोगी माणसांचे प्लाझ्मा घेऊन सरासरी नव्याने काढतात आणि आयएसआय बदलतात. भिंतीवर तक्ता आहे, रोज सकाळी दोन कंट्रोल, म्हणजे उत्तर आधीच माहीत असलेले नमुने, चालवून त्यावर ठिपके मांडलेले असतात. रिपोर्टवर आयएसआय पूर्वी छापत नसत. मी मागितल्यावर छापायला लागले. ही छोटी गोष्ट नाही.

मी एक वही ठेवते. तारीख, गोळीची मात्रा, आयएनआर, आणि चौथा रकाना भाजीचा. जानेवारीत एकदा आकडा १.९ आला. रिपोर्ट पाठवण्याआधी मॅडमचा फोन. "मागच्या पाच वेळा २.७ ते ३.२ आहे, आज एकदम खाली. मी पुन्हा चालवून बघितलं, तेच येतंय. गोळी चुकली का? नवीन औषध?" गोळी चुकली नव्हती. वही उघडली तर चौथ्या रकान्यात बारा दिवस सलग हिरवं : मेथी, पालक, सरसों का साग, आणि बथुआ, ज्याला आमच्या पुण्याच्या जाऊबाई चाकवत म्हणतात. ग्वाल्हेरच्या थंडीत भाजीवाल्याच्या हातगाडीवर दुसरं असतं तरी काय! जुड्या इतक्या ताज्या की हात आवरत नाही. हे सगळं व्हिटॅमिन केने भरलेलं. डॉक्टरांनी मात्रा थोडी वाढवली आणि सांगितलं, भाजी सोडू नका, दर आठवड्याला सारखी ठेवा. आता थंडीत आमच्याकडे पालेभाजी सोमवार आणि गुरुवार, वाटी मोजून.

उलटंही झालं. दाढ सुजली म्हणून दातांच्या डॉक्टरांनी मेट्रोनिडाझोल दिलं, ते या गोळीचा जोर वाढवतं. गोळीचं सांगायचं राहून गेलं. पाचव्या दिवशी ब्रश करताना हिरडीतून रक्त येऊ लागलं. लॅबमध्ये गेलो, आयएनआर ५.६. त्यांनी लगेच त्याच नळीतून पुन्हा चालवलं, नळीत गुठळी नाही ना ते पाहिलं, आणि आम्ही महाराज बाड्यापर्यंत पोचायच्या आत फोन आला, "घरी जाऊ नका, आधी डॉक्टरांशी बोला." या वेळी आकडा खरा होता. ५.१ चा तो खोटा आकडा आणि ५.६ चा हा खरा, माझ्या वहीत एकाच पानावर नाहीत, पण मला ते नेहमी शेजारी-शेजारी दिसतात.

या सहा वर्षांत या लॅबमधल्या कोणीही आम्हाला गोळी किती घ्या हे सांगितलं नाही. मी एकदा विचारलं होतं. मॅडम म्हणाल्या, "ते तुमचे डॉक्टर सांगतील, माझं काम आकडा खरा देणं." गोळीची मात्रा बदलल्यावर दुसऱ्याच दिवशी आम्ही धावत आलो होतो, तेव्हा मात्र त्यांनी परत पाठवलं होतं. सातवा फॅक्टर चार-सहा तासांत निम्मा होतो, प्रोथ्रॉम्बिनला तीन दिवसांच्या आसपास लागतात, त्यामुळे दुसऱ्या दिवशीचा आकडा अर्धंच सांगतो. तपासणीचे पैसे बुडवून गिऱ्हाईक परत पाठवणारी लॅब मी दुसरी पाहिली नाही.

शेजारच्या घरातली गोष्ट, त्यांना विचारून लिहितेय. त्यांच्या नातवाचं टॉन्सिलचं ऑपरेशन ठरलं होतं. पीटी अगदी व्यवस्थित, पण एपीटीटी, जी गोठण्याचा दुसरा रस्ता तपासते, ५८ सेकंद. ती साधारण २५ ते ३५ असावी. मॅडमनी निरोगी प्लाझ्मा निम्मा मिसळून पुन्हा चालवलं, तर वेळ नेहमीसारखी झाली. म्हणजे त्या मुलाच्या रक्तात काही अडवणारं नव्हतं, काहीतरी कमी होतं. पुढचं म्हणजे एकेक फॅक्टर मोजणं इथे होत नाही, आणि त्यांनी ते सरळ सांगितलं. लगेच प्लाझ्मा वेगळा करून गोठवला आणि बर्फात मोठ्या लॅबला पाठवला. आठवा फॅक्टर १४ टक्के निघाला, सौम्य हिमोफिलिया, म्हणजे रक्त नीट न गोठण्याचा विकार. ऑपरेशन नंतर झालं, पण तयारीनिशी. दहा वर्षांचा तो मुलगा काल गच्चीवर पतंग उडवत होता.

आता ज्या गोष्टी मला खटकतात त्या.

जिना. पंधरा पायऱ्या, उंच, आणि एका बाजूला कठडाच नाही. इथे येणारी निम्मी माणसं रक्त गोठू नये म्हणून गोळ्या घेणारी आणि म्हातारी. त्यांचं पडणं तुमच्या-माझ्या पडण्यासारखं नसतं. मी चार वेळा सांगितलंय.

दुपारी दोन ते चार फोन उचलत नाहीत. रिपोर्ट मोबाइलवर यायला कधी कधी रात्र होते, तरी गडबडीचा आकडा असेल तर फोन आधी येतो हे खरं. रविवारी बंद. दिवाळीत सलग तीन दिवस बंद होती तेव्हा आमची पंचाईत झाली होती. आधी कळवलं असतं तर बरं झालं असतं.

घरी येऊन सॅम्पल नेण्याची सोय आहे, शंभर रुपये जास्त. तपासणीचे ३५० घेतात. थंडीत आम्ही घरीच बोलावतो, धुक्यात यांना बाहेर नेववत नाही. उन्हाळ्यात मात्र मी स्वतः यांना सकाळी सातला घेऊन जाते. पुस्तकात लिहिलंय की पीटीची नळी खोलीच्या तापमानाला चोवीस तास टिकते, पण पुस्तकातली खोली वीस-बावीस अंशांची असते. आमच्या मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो आणि मोटारसायकलच्या डिकीत त्याहून जास्त. पाचवा फॅक्टर उष्णतेत लवकर मरतो. बर्फावर ठेवली तर तेही चूक, थंडीत सातवा आपोआप जागा होतो आणि वेळ खोटी कमी दिसते. या लॅबचा मुलगा जाड थर्माकोलच्या डब्यात, बर्फाला न लावता नेतो आणि दोन घरांपेक्षा जास्त फेरी करत नाही. तरी मला मे-जूनमध्ये नळी त्यांच्या मशीनपासून दहा पावलांवर भरलेली बरी वाटते.

पहिल्यांदा जाणार असाल तर चालू औषधांची चिठ्ठी न्या, दातांच्या डॉक्टरांची आणि वैद्यांचीही. गोळी शेवटची कधी घेतली ते लिहून न्या. उपाशीपोटी जायची गरज या तपासणीला नाही, बेडई खाऊन गेलात तरी चालेल. सकाळी साडेआठनंतर साखर तपासणाऱ्यांची गर्दी होते, त्याआधी पोचा. आणि नळी भरताना तिच्याकडे बघा, निळ्या बुचाखाली बारीक रेषा असते.

मंगळवारी दुसऱ्या हातातून भरलेली नळी रेषेपर्यंत आली. दुपारी दीडला मेसेज आला, २.९. वहीत लिहिलं, चौथ्या रकान्यात दोडका. संध्याकाळी नेहमीची गोळी दिली. पुढची तारीख चार आठवड्यांनी आहे. मॅडम, तोवर तो कठडा लावून घ्या.